बापूंची विहीर आणि आमचं मंजूर

आमच्या पुठ्ठ्याच्या मिलच्या मागं चिपाडाचा ढीग असायचा. उसाचा रस काढून झाल्यावर जे उरतं ते चिपाड. त्याचाच आम्ही पुठ्ठा करायचो. वरनं कितीही उपसा, ढीग तेवढाच दिसायचा. मिलच्या गोष्टींचं तसंच आहे. मिल बंद पडून जमाना झाला, तरी आम्ही जुनी माणसं अजून कोल्हापुरात, राजारामपुरीत कुणाच्या तरी घरी जमतो. चहा होतो, आणि एकानं नुसतं "ते आठवतंय काय गं?" म्हटलं की झालं. हसून हसून पोट दुखतं. मग घरी जाताना रिक्षात माझं डोकं तापायला लागतं. नवरा म्हणतो, "अगं, आता तरी सोड की ते." कसं सोडू?

मी शेअर सेक्शनला होते, सभासदांच्या नोंदी माझ्याकडं. कांबळे मॅडम म्हणून मला सगळे ओळखायचे. नव्वदच्या सुरुवातीला कागलच्या अलीकडं, हायवेला लागून ही मिल उभी राहिली. आसपासच्या गावांतल्या लोकांनी शेअर घेतले, म्हणून कंपनी म्हणे शेतकऱ्यांची. कागदावर मालक गावोगावचे, प्रत्यक्षात मालक एकच, आमचे अध्यक्ष. त्यांना सगळे दादासाहेब म्हणायचे. पांढरेशुभ्र कपडे, बोलणं गुळासारखं, आणि कान फक्त स्वतःचं भाषण ऐकण्यापुरते.

•

दरवर्षी मिलच्या गोडाऊनमध्ये सभासदांची सभा भरायची. पुढच्या ओळींत सभासदांनी बसायचं नाही, तिथं आमचे कामगार. प्रत्येकाच्या नावावर एकेक शेअर करून ठेवलेला, म्हणजे कायद्यानं तेही सभासद. त्यांना काम एकच. दादासाहेबांनी विषय वाचला की "मंजूर!" म्हणून असं ओरडायचं, की मागच्याचा प्रश्न मागच्या मागं गाडला जावा.

आणि याची चक्क तालीम व्हायची! आमचे पर्सोनेल मॅनेजर कुलकर्णी साहेब, चांगला शिकलेला माणूस, घरात पुस्तकांची कपाटं, ते सभेच्या आधी पोरांना गोडाऊनमध्ये उभं करून सांगायचे, "आवाज पोटातनं काढा. घशातनं नको. घसा बसला तर शेवटचे विषय कोण मंजूर करणार?"

एका वर्षी पोरं जरा जास्तच तयार झाली होती. दादासाहेब उठले, माइक हातात घेतला आणि म्हणाले, "सभासद बंधू आणि भगिनींनो..."

"मंजूर!" पुढच्या ओळी गरजल्या.

मला वाटलं, आता हे चिडणार. कसलं काय. दादासाहेबांनी चष्मा काढला, पुसला, आणि शेजारी बसलेल्या कंपनी सेक्रेटरींना म्हणाले, "चला, छान झाली सभा. नाष्टा घ्या म्हणावं सगळ्यांनी."

आणि लोकांनी नाष्टा घेतला. याचा मला जास्त राग आहे.

•

नाष्टा न घेणारा माणूस एकच, बापू खोत.

मिलला लागून त्यांची वस्ती, खोतमळा. मिलला जमीन दिली ती बापूंनीच, आणि आपखुशीनं दिली. गावाजवळ कारखाना यावा, पोरांना कामं मिळावीत, एवढीच हौस. बदल्यात शेअर घेतले. अट मात्र एक घातली, भूमिपूजनाला, चार गावच्या लोकांसमोर. "माझ्या इहिरीला धक्का लागता कामा न्हाय. सगळी वस्ती तिचं पाणी पितीया."

दादासाहेबांनी त्यांच्या खांद्यावर हात टाकला. "बापू, विहिरीला काही झालं तर मला विचारा."

मिल सुरू झाली. चिपाड शिजवल्यावर जे पाणी उरायचं ते मागच्या ओढ्यात जायचं, आणि ओढा बापूंच्या विहिरीला खेटून. दुसऱ्याच उन्हाळ्यात विहिरीचं पाणी चहासारखं झालं. वास असा, की म्हैससुद्धा तोंड फिरवायची. बायका डोक्यावर घागरी घेऊन लांबच्या मळ्यात जायला लागल्या.

तेव्हापासून बापू प्रत्येक सभेला यायचे आणि मागं उभे राहून विचारायचे, "माझ्या इहिरीचं काय?"

"मंजूर!"

म्हणजे बघा, बापूंचा प्रश्न दरवर्षी मंजूर व्हायचा. उत्तर तेवढं मिळायचं नाही.

एकदा मात्र ते गर्दी सारत माइकपर्यंत पोचले. दादासाहेब हसून म्हणाले, "अहो बापू, मिल तुमचीच आहे. आपल्याच मिलवर कोण तक्रार करतं का?"

"मिल माझी व्हय?" बापू म्हणाले. "मग तिचं पाणी तुमच्या बंगल्याकडं वळवायचं म्हणतो मी. हे सभेला मान्य हाय काय?"

पुढच्या ओळींना शिकवलं होतं तेवढंच येत होतं. "मंजूर!"

गोडाऊनमध्ये असा हशा पिकला! रीतसर ठराव झाला की हो, सूचक बापू आणि अनुमोदक आमचेच कामगार. दादासाहेबांचा चेहरा बघण्यासारखा झाला. सेक्रेटरींनी मान खाली घातली ती वर काढलीच नाही, आणि सभेच्या इतिवृत्तात तो ठराव काही आला नाही. मी विचारलं तर म्हणाले, "कांबळे मॅडम, तो विनोद होता." खोतमळ्यातल्या बायका घागरी वाहत होत्या आणि यांना तो विनोद वाटत होता.

•

प्रदूषणवाले साहेब तपासणीला यायचे, त्याची वेगळीच तऱ्हा. मिलचं पाणी शुद्ध करायची टाकी होती, नाही असं नाही. तिची मोटर कायम बिघडलेली. शेवटच्या हौदात मात्र मासे सोडलेले असायचे. साहेबांना हौदावर न्यायचं आणि म्हणायचं, "बघा सर, जिवंत मासे! पाणी खराब असतं तर जगले असते का?"

मासे आणायचं काम महादूकडं. महादू आमचा शिपाई, सरळ माणूस, कुणाला फसवायचं त्याच्या मनातही यायचं नाही. साहेब येणार असा फोन आला की महादू बादली घेऊन मोटरसायकलवर मागं बसायचा आणि तासाभरात मासे घेऊन हजर.

एकदा नवीन साहेब आले. तरुण होते, उत्साही होते. हौदाच्या कठड्याला टेकून बराच वेळ मासे बघत राहिले. मग त्यांनी सहज महादूला विचारलं, "यांना खायला काय घालता?"

महादू म्हणाला, "खायला कशाला, साहेब? तेवढी टिकत्यात कुठं?"

आम्ही सगळे गार! कुलकर्णी साहेबांनी डोळे मिटले. मला वाटलं, देवच पावला, आता होऊ दे खोतमळ्याचं भलं. नवीन साहेबांनी महादूकडं बघितलं, हौदाकडं बघितलं, आणि मोठ्यांदा हसले. "चांगला आहे हो तुमचा माणूस," म्हणाले, आणि हसत हसत गेस्ट हाऊसवर जेवायला गेले.

शिक्षा झाली ती महादूला. त्याला हौदावरून काढून स्टोअरला टाकला. अरे, खरं बोलला म्हणून बदली करता, आणि गेटवर बोर्ड काय, तर "सत्य आणि सचोटी हेच आमचे भांडवल". तो बोर्ड वाचून आत जाताना मला दररोज लाज वाटायची.

•

गिऱ्हाइकाशी तरी सरळ वागावं माणसानं. तेही नाही. पुठ्ठा वजनावर विकला जायचा, म्हणून ट्रक भरायच्या आधी थप्प्यांवर पाण्याचा पाइप फिरवायचे. पाणी पुठ्ठ्याच्या भावानं!

कोल्हापुरात खोकी तयार करणारे एक शेठ होते. एकदा ते ओला पुठ्ठा काखेत मारून थेट ऑफिसात आले आणि सेल्सच्या साहेबांच्या टेबलावर तो ठेवून दिला. खालचे कागद भिजले.

"येताना वाटेत बायका घागरी घेऊन चाललेल्या बघितल्या," शेठ म्हणाले. "तुमच्यात पाणी एवढं जास्ती झालंय, तर त्यांना द्या की. माझ्या गळ्यात कशाला मारताय?"

सेल्सच्या साहेबांनी त्यांच्यासाठी चहा मागवला. शेठ म्हणाले, "नको. त्यातबी पाणीच असंल."

•

आता पाणपोईचा किस्सा. हा सांगताना माझं रक्त अजून उकळतं.

पेपरात कुणीतरी विहिरीबद्दल दोन ओळी छापल्या. दादासाहेब अस्वस्थ झाले. बैठक बसली, आणि ठरलं की कंपनीनं समाजासाठी काहीतरी करायचं. काय करायचं? तर हायवेवर, बरोब्बर खोतमळ्याच्या समोर, पाणपोई! माठ आले, वर मांडव आला, दादासाहेबांचा माणसाएवढा फोटो आला. टँकरनं गोडं पाणी यायला लागलं. एका क्लबनं पुरस्कार दिला, शाल घातली, नारळ दिला. ज्यांनी विहीर नासवली त्यांनाच तहानलेल्यांना पाणी पाजल्याबद्दल नारळ! तुम्हीच सांगा, याला काय म्हणायचं?

खोतमळ्यातल्या बायकांना वाटलं, चला, आपली सोय झाली. त्या रस्ता ओलांडून घागरी घेऊन आल्या. पाणपोईवर मिलचा वॉचमन बसवलेला. तो म्हणाला, "घागर भरायची न्हाय. हे वाटसरूंसाठी हाय. वरनं हुकूम हाय."

बायका परत गेल्या. बापूंची बायको, त्यांना सगळे आक्का म्हणायचे, त्या मात्र घरात गेल्या, ठेवणीतलं लुगडं नेसल्या, पायात चपला घातल्या, काखेत गाठोडं मारलं, आणि एका हातात कळशी घेऊन थोडं पुढं स्टॉपवर जाऊन उभ्या राहिल्या. कागलहून एस.टी. आली, थांबली, गेली. आक्का तिथनं चालत चालत पाणपोईवर आल्या.

"नृसिंहवाडीला निघालोय दर्शनाला," वॉचमनला म्हणाल्या. "वाटसरू हाय मी. भर कळशी."

वॉचमन गावचाच, आक्कांच्या अंगाखांद्यावर खेळलेला. तो बिचारा कधी फोटोतल्या दादासाहेबांकडं बघतोय, कधी आक्कांकडं. शेवटी त्यानं भरून दिली. दुसऱ्या दिवशी सकाळी स्टॉपवर सगळ्या खोतमळ्याच्या बायका, ठेवणीतली लुगडी नेसून, गाठोडी घेऊन. एस.टी.चा कंडक्टर ओरडून ओरडून दमला, "अवं, चढताय का न्हाय?"

आठवड्यात पाणपोई बंद झाली. फोटो तेवढा राहिला.

•

मग दोन हजार साल उलटलं आणि नवी फॅशन आली. पुण्याहून एक ट्रेनर बोलावले. मूल्यं, जबाबदारी, स्टेकहोल्डर. भिंतीवर मोठे तक्ते लागले, एकावर "समता" लिहिलेलं. त्याच तक्त्याखाली बसून कुलकर्णी साहेबांनी माझी चौदा एप्रिलची रजा नामंजूर केली होती, सभासदांची पत्रं पाठवायचं काम आहे म्हणून. मी म्हटलं, "साहेब, आधी तो तक्ता उतरवा, मग रजा नाकारा." साहेबांनी लगेच रजेवर सही केली.

ट्रेनर म्हणाले, कंपनीचे शेजारी हेसुद्धा स्टेकहोल्डर, त्यांचंही हित कंपनीत गुंतलेलं, त्यांनाही बोलवा. म्हणून बापू आले. धुतलेला सदरा, टोपी, आमच्या सगळ्यांच्या मधे खुर्चीत ताठ बसलेले. ट्रेनर माणूस वाईट नव्हता, मनापासून शिकवत होता. फळ्यावर एक गोल काढून त्यानं विचारलं, "कंपनी आणि समाज यांचं नातं कसं असावं? प्रत्येकानं थोडक्यात सांगायचं."

सगळ्यांनी सांगितलं. विश्वासाचं. पारदर्शक. झाड आणि मातीचं. दादासाहेब म्हणाले, "आई आणि लेकराचं," आणि टाळ्या पडल्या.

बापूंची पाळी आली. ते म्हणाले, "नात्याचं मला काय कळत न्हाय. कंपनीनं ओढ्याच्या खालच्या अंगाला ऱ्हावं आणि गावानं वरच्या. मग आपोआप सगळं गोडीत चालतंय."

ट्रेनरनं खडू हातात धरला, पण फळ्यावर काही लिहिलं नाही. दुपारच्या जेवणानंतर तो आपल्या मनानं ओढ्याकडं फिरून आला. पुन्हा काही आमच्याकडं आला नाही. बोलावलंच नाही त्याला.

•

आणि आता तो किस्सा, ज्यासाठी माझ्या मैत्रिणी मला मुद्दाम बोलावून बसवतात.

त्या वर्षी उन्हाळ्यात खोतमळ्यातली दोन लेकरं जुलाबानं दवाखान्यात होती. वाचली, पण बापू बदलले. सभेच्या आधी मिलच्या गेटवर येऊन सांगून गेले, "औंदा सगळी वस्ती घिऊन येतो. इहिरीचं उत्तर मिळाल्याबगर माइक सोडणार न्हाय. मी सभासद हाय, मला कोण उठवतंय बघतो."

सभासद हाय. एवढाच काय तो त्यांचा हक्क, आणि तोच वरच्यांना टोचत होता.

सभेचा दिवस. गोडाऊन भरलं. स्टेजवर दादासाहेब, सेक्रेटरी, कुलकर्णी साहेब, आणि कडेच्या खुर्चीवर मी, शेअर सेक्शन म्हणून. मागं खोतमळा दाटीवाटीनं उभा. बापूंच्या हातात तांब्या, वर फडकं बांधलेलं.

पहिला विषय नेहमीचा, वर्षभरात वारलेल्या सभासदांना श्रद्धांजली. ही नावं एरवी माझ्याकडून जायची. त्या वर्षी ती कुलकर्णी साहेबांच्या केबिनमधून परस्पर आली. दादासाहेबांनी जड आवाजात नावं वाचली. शेवटचं नाव, "कैलासवासी बापू खोत, खोतमळा."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. तोवर सगळं गोडाऊन श्रद्धांजलीला उठलं होतं. माना खाली. मी मागं बघितलं, तर बापूही टोपी काढून, मान खाली घालून उभे. स्वतःच्या श्रद्धांजलीला!

दादासाहेबांनी "ओम शांती" म्हटलं आणि पुढच्या ओळींनी सवयीनं आवाज दिला, "मंजूर!"

सगळे बसले. बापू उभेच.

"सायेब, मी जित्ता हाय," ते म्हणाले.

सेक्रेटरी उठले. पाठ करून आल्यासारखे म्हणाले, "नोंदीप्रमाणे सदर सभासद मयत आहेत. सभेनं ते आत्ताच मंजूर केलंय. मयत सभासदाला सभेत बोलता येत नाही. वारसांनी रीतसर अर्ज करावा, पुढच्या वर्षी विचार होईल."

मी ताडकन उठले. मी कुलकर्णी साहेबांना म्हटलं, "साहेब, काय हे? लाज वाटत नाही?" ते म्हणाले, "खाली बसा, मॅडम. तांत्रिक बाब आहे."

मागनं खोतमळ्याची पोरं बाह्या सारून पुढं यायला लागली. बापूंनी हात करून त्यांना थांबवलं. तांब्या घेऊन एकटे पुढं आले, पायऱ्या चढून स्टेजवर आले आणि तांब्या दादासाहेबांपुढं ठेवला. खांद्यावरचा टॉवेल दादासाहेबांच्या टेबलापुढं अंथरला, टोपी उशाला घेतली, आणि सरळ उताणे झाले.

"मेलो म्हणताय, तर मेलो," पडल्या पडल्या म्हणाले. "सभा खोटं कशाला बोलंल? पर माणूस गेला की त्याच्या तोंडात पाणी घालायची रीत हाय आपल्यात. त्या तांब्यात माझ्याच इहिरीचं पाणी हाय. घाला."

तांब्या दादासाहेबांच्या पुढ्यात होता. त्यांनी फडकं सोडलं. वास माझ्यापर्यंत आला. त्यांनी तांब्या हळूच सेक्रेटरींकडं सरकवला. सेक्रेटरींनी तो कुलकर्णी साहेबांकडं सरकवला. कुलकर्णी साहेबांनी बघितलंसुद्धा नाही, कोपरानं माझ्याकडं ढकलला. माझ्यापुढं टेबल संपत होतं.

 पुढच्या ओळींतली पोरं उभी राहून बघत होती.

मी उठले. तांब्या दोन्ही हातांनी उचलला, टेबलाला वळसा घालून गेले, आणि दादासाहेबांच्या पुढ्यात परत ठेवला.

"साहेब," मी म्हटलं, "घरच्या कर्त्यानं आधी घालायचं असतं."

दादासाहेब तांब्याकडं बघत बसले.  बापू आ वासून तसेच पडून होते. थोड्या वेळानं त्यांनी एक डोळा उघडला.

"सायेब, जरा बिगी बिगी बघा," ते म्हणाले. "तोंड दुखाया लागलंय."